दर पंचवीस सेकंदाला एक लाथ

माझ्या लाथा मी स्वतः कधी बघितल्या नाहीत. मारायची वेळ यायची तेव्हा मी गाढ झोपेत असायची. त्यामुळे लाथांबद्दल इथे जे लिहिते आहे ते सगळं ऐकीव. साक्षीदार एकच, आमचे हे. आणि पुरावा म्हणजे त्यांच्या नडगीवरचे काळेनिळे डाग.

नव्वदचं दशक संपत आलं होतं. मी पंचेचाळिशीची होते आणि स्वतःवर भलतीच खूश होते. कोल्हापुरात, मंगळवार पेठेत आमच्या दोन खोल्या आणि वर माळा. मुलगी लग्न होऊन गेली होती, मुलगा पुण्याला नोकरीला. घरात आम्ही तिघंच: मी, हे आणि सासूबाई. हे उद्यमनगरातल्या एका कारखान्यात लेथवर टर्नर. पुढच्या खोलीत, रस्त्याकडच्या खिडकीशी, माझं पायमशीन. सकाळी ब्लाऊज, दुपारी पाच-सहा मुलींचा शिवणक्लास, आणि दिवेलागणीनंतर पुन्हा ब्लाऊज. बाकीच्या बाया संध्याकाळी उंबऱ्यावर गप्पा मारत बसायच्या. माझं चाक सुरूच. येणारी-जाणारी खिडकीत डोकावून म्हणायची, "बाई काय बसत न्हाय बाबा एक मिनिट." ते ऐकलं की मी आणखी जोरात पायडल मारायची. ऐकू जावं म्हणून.

तर एक दिवस सकाळी चहा पिता पिता ह्यांनी विचारलं, "रात्री काय शिवत होतीस?"

"मी? मी झोपले होते की."

"तू झोपलीवतीस. पाय न्हाय झोपले."

आणि विजार वर करून त्यांनी नडगी दाखवली. मला वाईट वाटायला हवं होतं. मला काय वाटलं ते सांगायची आज लाज वाटते. मला अभिमान वाटला. मी मनात म्हटलं, बघा, आपले पाय झोपेतसुद्धा मशीन चालवतात. आहे का पेठेत दुसरी अशी कामसू बाई?

मनात म्हणून थांबले असते तरी चाललं असतं. मी ते नळावर जाऊन सांगितलं. "आमच्या पायाला रात्रीची पण सुट्टी नसते बघा," म्हणाले. शेजारीण कळशी भरता भरता म्हणाली, "व्हय? मग रातचं शिवल्यालं ब्लाऊज कुठं ठेवतीस? एखादं मला दे की." सगळ्या हसल्या. मीही हसले. टोमणा आहे हे घरी येऊन, भाजी चिरताना कळलं. मला टोमणे नेहमी अर्ध्या तासानं कळायचे.

ह्यांनी आधी आमच्या दोघांत एक गादीची घडी ठेवली. ती रोज पहाटेपर्यंत जमिनीवर. मग ते माळ्यावर झोपायला गेले. कारखान्यात मित्र विचारायचे, "काय मर्दा, वहिनीनं हाकलून लावलं व्हय?" हे काही बोलायचे नाहीत. ह्यांचा स्वभावच तसा. मोजल्याशिवाय बोलायचं नाही, आणि मोजून झालं की बोलायची गरज उरत नाही.

ह्यांची झोप वाचली, पण माझी बिघडलेलीच राहिली. रात्री आठ-आठ तास झोपून मी सकाळी अशी उठायची, जणू रात्रभर कुणी गावाबाहेरच्या कळंबा तळ्यापर्यंत चालवत नेऊन आणलं आहे. चादरीला टाचांच्या जागी भोकं. दुपारी क्लासमध्ये मुलींना ब्लाऊजची कटोरी कापायला सांगायची आणि त्या कापेपर्यंत माझी हनुवटी छातीला टेकायची. आमच्या नेहमीच्या डॉक्टरांनी टॉनिक दिलं. गोड होतं. बाकी काही झालं नाही.

मग ते बाहीचं प्रकरण झालं.

गल्लीच्या टोकाला लग्न होतं. नवरीच्या शालूवरचं ब्लाऊज माझ्याकडे. दुपारी जेवून, वर चहा पिऊन बसले. डोळे मिटत होते, हात चालत होते. आपण झोपलो तरी हात-पाय काम करतात, हा तर माझा लौकिकच. संध्याकाळी नवरीच्या आईनं ब्लाऊज नेलं आणि दहा मिनिटांत परत आणलं. गल्लीभर ऐकू जाईल अशा आवाजात तिनं विचारलं, "बाई, ह्यातनं नवरीनं हात कुठनं काढायचा?"

मी बाही हातात घेतली. डावी बाही मी खांद्याला नीट जोडली होती, आणि दंडाकडचं तोंड बंद शिवून टाकलं होतं. बारीक, सरळ, एकसारखी टीप. पिशवीला घालतात तशी.

"अवो झोपेत शिवलाय काय हो?" ती म्हणाली. तिला टोमणा मारायचा होता. तिला काय माहीत, ते शब्दशः खरं होतं.

मी तिथेच उसवून दिलं, पण जरीच्या काठावर सुईची भोकं राहिली ती राहिली. आणि हे सगळं सासूबाईंच्या समोर झालं.

सासूबाईंबद्दल सांगायला हवं. त्या निपाणीकडच्या. मराठी बोलता बोलता चिडल्या की कन्नडात शिरायच्या. सत्तरी ओलांडलेली, पण काठी हातात घेतली नव्हती. रोज संध्याकाळी त्या महादेवाच्या देवळात जायच्या आणि प्रदक्षिणा घालायच्या. एक नाही, दोन नाही, देऊळ बंद व्हायची वेळ येईपर्यंत. पुजारी म्हणायचा, अशी भक्ती आजकाल बघायला मिळत नाही. गल्लीतल्या नव्या सुना त्यांच्या पाया पडायच्या. माझा उद्योग आणि त्यांची भक्ती, अशी आमच्या घराची दुहेरी कीर्ती होती. त्यातली एक त्या दिवशी बाहीत अडकली.

नवरीची आई गेल्यावर सासूबाई कन्नडात शिरून म्हणाल्या, "साकु! पुरे झालं. हे मशीनच पाय खातंय तुझं. दिवसा पाय हालवतीस म्हणून रातचं हालत्यात. मशीन घरातनं गेलं की पाय गप पडतील."

"आत्याबाई, अहो एका बाहीवरून..."

"आज बाही शिवलीस. उद्या बोट शिवशील. कागलच्या पावण्याला सांगून टाकतो मी. त्याच्या सुनंला मशीन पायजेच हाय. पुढच्या ऐतवारी घिऊन जाऊ दे."

आमच्याकडे बायकाही 'करतो, सांगतो' असंच म्हणतात. आणि सासूबाईंनी 'सांगतो' म्हटलं की ते सांगून झालेलं असायचं. दुसऱ्या दिवशी कागलला निरोप पोचला.

मशीन जाणार म्हणजे काय जाणार, हे मला त्या रात्री कळलं. ते मशीन यायच्या आधी मी अमक्याची सून, तमक्याची बायको होते. मशीन आल्यावर पेठेत पत्ता सांगताना लोक म्हणायला लागले, 'ती शिवणवाली बाई राहते ना, तिच्या शेजारी.' माझ्यामुळे शेजाऱ्यांना पत्ता मिळाला होता. आणि सहा मुली माझ्याकडे शिकत होत्या. दोघींची लग्नं ठरत आली होती, सासरी हातात काहीतरी कसब घेऊन जायचं म्हणून त्या घाई करत होत्या. त्यांना काय सांगायचं? बाईंच्या पायांमुळे क्लास बंद?

मी ह्यांच्यापुढे रडले. एरवी मी रडायची ते आवाज करून. त्या दिवशी आवाज आला नाही, म्हणून हे घाबरले असावेत.

"आई म्हणती ते खरं असंल," हे म्हणाले, "नसंल बी. मोजल्याबिगर कसं कळणार? चार रात्री दे मला."

"पाय कसे मोजणार?"

"लेथवरचा जॉब खराब निघाला तर काय बघतो आम्ही? मशीन कुठं हलतंय, किती हलतंय, किती वेळानं हलतंय. तेच."

मग ह्यांनी माझ्याच डब्यातला कापडावर खुणा करायचा निळा खडू घेतला. मी झोपायच्या आधी माझ्या पायाच्या दोन्ही अंगठ्यांना आणि टाचांना लावला. पांढरी चादर घातली. मनगटावरचं घड्याळ काढून समोर ठेवलं. हातात कारखान्याची आडव्या रेघांची वही. मला म्हणाले, "तू आपली झोप." कुणी असं समोर वही घेऊन बसल्यावर झोप लागते का? मला लागली. तेवढी मी थकलेली असायची.

सकाळी वही बघितली. टर्नरचं अक्षर, एकेक ओळ मापात. 'डावा. अंगठा वर. घोटा वर. गुडघा थोडा. दोन सेकंद. थांबला.' पुढे वेळ. मग परत तेच. आणि बाजूला एक आकडा सारखा सारखा: पंचवीस. पंचवीस. सत्तावीस. पंचवीस. तेवीस. पंचवीस. दोन पानं भरून. मधेच पाय बदलला होता, 'आता उजवा', आणि पुन्हा तोच हिशोब.

"हे बघ," हे म्हणाले. रात्रभर जागूनही चेहऱ्यावर चमक होती, मोठा बिघाड सापडल्यावर असते तशी. "माणूस सपनात लाथा मारतो तवा कशा पण मारतो. हे तसं न्हाय. हे घड्याळ लावल्यागत हाय."

मी चादर बघत होते. निळ्या रेघा सगळ्या टाचेच्या बाजूला, आणि अंगठ्याच्या खुणा वरच्या पांघरुणाला. मी मशीनवर जाऊन बसले आणि पायडलवर पाय ठेवून बघितले. पायडल मारताना काय होतं? दोन्ही पाय लागतात. टाच दाबायची, चवडा दाबायचा, टाच, चवडा, झोका दिल्यासारखं. सगळा जोर खाली. आणि हे जे रात्री होत होतं ते एकाच पायाचं, आणि अंगठा वर. खाली नाहीच. आणि पंचवीस सेकंदाला एकदा पायडल मारलं तर चाक उलटं फिरून दोरा तुटेल.

"अहो," मी म्हणाले, "हे मशीन चालवणं नव्हेच."

"न्हवंच," हे म्हणाले.

मला एकाच वेळी सुटल्यासारखं वाटलं आणि जरा पडल्यासारखंही. झोपेतही शिवते म्हणून नळावर केवढी मिरवले होते मी!

चार रात्रींची वही झाली. कारखान्याच्या मालकांच्या ओळखीचे एक नसांचे डॉक्टर होते, नव्यानेच गावात आलेले. शुक्रवारी ह्यांनी अर्धी रजा टाकली आणि आम्ही गेलो. डॉक्टर आमच्या मुलाच्या वयाचे. त्यांनी आधी सगळे विचारतात तेच विचारलं. फिट येते का? जीभ चावते का? मी नाही नाही म्हणत होते. मग त्यांनी विचारलं, "झोपेत नेमकं काय होतं हे कुणी बघितलंय का?"

ह्यांनी वही पुढे केली.

डॉक्टरांनी पहिलं पान बघितलं. दुसरं बघितलं. मग खुर्ची पुढे ओढून पहिल्यापासून बघायला लागले. बाहेर गेले आणि दोन शिकाऊ डॉक्टरांना घेऊन आले. "बघा," त्यांना म्हणाले, "ह्यासाठी आपण पेशंटला रात्रभर तारा लावून झोपवतो, तेही मुंबई-पुण्याला पाठवून. हे कुणी लिहिलंय?"

हे उभे राहिले. कारखान्यातून तसेच आले होते, शर्टाला तेलाचा वास, हाताची नखं काळी. "मी लिवलंय," म्हणाले. "काय चुकलंय का?"

"काही चुकलं नाही. तुम्ही काय करता?"

"टर्नर हाय."

"मला ह्याची झेरॉक्स मिळेल?"

पुढे मुलाचं लग्न झालं, त्यानं घर बांधलं, नातवंडं झाली. छाती फुगायचे प्रसंग पुष्कळ आले. पण सातवी शिकलेल्या माझ्या नवऱ्याच्या वहीवर तीन डॉक्टर वाकले होते, ते बघताना जसं वाटलं तसं पुन्हा नाही. मी पदर नीट केला. उगाच. कुणी माझ्याकडे बघतसुद्धा नव्हतं.

मग डॉक्टर माझ्याकडे वळले. म्हणाले, झोप लागताना खड्ड्यात पडल्यासारखा एखादा झटका सगळ्यांनाच बसतो, ते वेगळं. हे झोपेत पाय ठराविक वेळानं आपोआप हलणं आहे. ही फिट नाही, वेड नाही, बाहेरचं तर मुळीच नाही. पाय हलला की झोप वरच्यावर मोडते. माणसाला जाग आलेली आठवत नाही, पण विश्रांती मिळत नाही. म्हणून दिवसा पेंग.

"आणि संध्याकाळी?" त्यांनी विचारलं. "स्वस्थ बसलं, आडवं झालं, की पायांना काही होतं?"

हे मी कुणालाच सांगितलं नव्हतं. ह्यांनाही नाही. सांगायचं तरी काय? दुखत नव्हतं. दिवे लागले की नडग्यांच्या आत, हाडाच्या जवळ, काहीतरी वळवळायचं. मुंग्या म्हणाव्यात तर मुंग्या नव्हेत. पाय हलवला की थांबायचं, ठेवला की पुन्हा सुरू. उंबऱ्यावर बायकांत बसून बघितलं होतं, दोन मिनिटं बसवत नसे. ते सगळं मी खाली मान घालून सांगितलं.

"मग तेव्हा काय करता?"

"मशीनवर बसते. पायडल मारलं की बरं वाटतं."

डॉक्टर हसले. "म्हणजे मशीनमुळे पाय हलत नव्हते. पायांमुळे मशीन हलत होतं."

ह्यांनी माझ्याकडे बघितलं. मी भिंतीवरच्या कॅलेंडरकडे. इतक्या वर्षांचा माझा लौकिक, ती न बसणारी बाई, ते दिवेलागणीनंतरचं चाक, सगळं एका वाक्यात उतरलं. मी कामसू नव्हते. मला बसवतच नव्हतं.

रक्त तपासायला दिलं. हे कधी कधी अंगातला लोहाचा साठा कमी झाल्यानं होतं, म्हणाले, विशेषतः त्या वयात पाळी जास्त जात असेल तर. जात होती. खाण्यात काय असतं? मटण?

"आमच्यात चालत न्हाय," हे म्हणाले. "शंकराची माणसं आम्ही. अंडं पण उंबऱ्याच्या आत येत न्हाय."

"कोल्हापुरात राहून?"

"कोल्हापुरात राहूनच."

"आणि चहा?"

ह्यावर मात्र आम्ही दोघं एकमेकांकडे बघत राहिलो. चहा मोजायची वही ह्यांनी केली नव्हती, तेच बरं. जेवणावर तर मी चहा घ्यायचीच, घास गिळल्या गिळल्या. त्यानं जेवणातलं लोह अंगाला लागत नाही, हे मला पंचेचाळीस वर्षांत कुणी सांगितलं नव्हतं. डॉक्टरांनी लोहाच्या गोळ्या लिहून दिल्या, लिंबूपाण्याबरोबर घ्यायच्या, आणि जेवणाच्या आगेमागे चहा बंद. तपासणीचा कागद नंतर आला, त्यात साठा तळाला गेलेला होता. औषध मात्र डॉक्टरांकडे गेलो त्याच संध्याकाळी सुरू झालं.

घरी आलो तेव्हा सासूबाई देवळात जायला निघाल्या होत्या. पायात चपला घातलेल्या. ह्यांनी दारातच सगळं सांगितलं. मशीनचा दोष नाही, पायांच्या आत काहीतरी वळवळतं, संध्याकाळी वाढतं, हलवलं की थांबतं.

सासूबाईंनी चपला काढल्या. उंबऱ्यावर बसल्या.

"आत वळवळतंय?" मला विचारलं. "हाडाच्या आत? खाजवावं म्हटलं तर गावत न्हाय?"

"व्हय, आत्याबाई."

"बसलं की जास्त?"

"व्हय."

त्या आपल्याच नडग्या दोन्ही हातांनी चोळत राहिल्या. ते मी आयुष्यात पहिल्यांदा बघत होते. मग म्हणाल्या, "मला चौदा वर्साची असल्यापासनं हाय ते."

हे म्हणाले, "आई, कधी बोलली न्हाईस?"

"काय बोलू? पाय दुखतोय म्हणावं तर दुखत न्हाय. नवी नवरी मी, सगळ्या बायका बसल्या की मी उठून उभी. माझी सासू म्हणायची, हिच्या पायाला भिंगरी हाय, ही काय नांदायची न्हाय. मग एकदा देवळात गेलो, फिरत राहिलो. फिरल्याला कोण काय म्हणत न्हाय तिथं. उलट पाया पडत्यात." आणि मग, खाली बघत, अगदी हळू: "माझी कसली आलीया भक्ती? पाय बसू देत नव्हतं."

मी तोंडावर पदर धरला. मला हसू फुटत होतं. सासूबाईंनी ते बघितलं आणि मला वाटलं आता माझं काही खरं नाही. पण त्याच आधी हसल्या. मग मी. मग हे. उंबऱ्यावर आम्ही तिघं अशी हसत होतो की नळावरची ती शेजारीण डोकावून गेली, कुणाचं लग्न ठरलं म्हणून.

हसून झाल्यावर सासूबाई उठल्या, आणि देवळात न जाता पुढच्या खोलीत गेल्या. मशीनवर बसल्या. "पाय कुठं ठिवायचा?" मी पायडल दाखवलं. आधी टाच, मग चवडा. चाक दोनदा उलटं गेलं, मग सुलट फिरायला लागलं. सुईत दोरा नव्हता, खाली कापड नव्हतं. सत्तरीच्या सासूबाई रिकामं मशीन चालवत होत्या, डोळे मिटून.

"बरं वाटतंय?" मी विचारलं.

"गप बस जरा," त्या म्हणाल्या.

रविवारी कागलचा पावणा आला. टेम्पो घेऊन, दोन गोणपाटं आणि दोरी घेऊन. "आजी, मशीन कुठनं काढायचं? खिडकीकडनं का दारातनं?"

सासूबाई मशीनवरच बसल्या होत्या. "पावणं, आधी सरबत घ्या. चहा बंद हाय आमच्यात."

"सरबत घेतो की. मशीन?"

"मशीन न्हाय जायाचं."

"अवो, तुम्हीच निरोप धाडला. टेम्पो आणलाय मी कागलातनं!"

"धाडला तवा मला म्हाईत नव्हतं. आता झालंय. तुमच्या सुनंला शिकायचं असंल तर धाडा हिकडं, ही शिकवंल. फुकट शिकवंल." हे शेवटचं मला न विचारता. पावणा माझ्याकडे, ह्यांच्याकडे, टेम्पोकडे बघत राहिला. शेवटी सरबत पिऊन रिकामा टेम्पो घेऊन गेला. आणि पुढच्याच आठवड्यात सून खरंच आली. हुशार निघाली. पुढे तिनं कागलात स्वतःचा क्लास काढला, माझ्यापेक्षा मोठा. ते मी अजूनही लोकांना सांगते.

त्यानंतर तीन-एक महिने आमच्या घरात एक मशीन आणि दोन दावेदार. दिवेलागणीला आधी सासूबाई, बिनदोऱ्याच्या. मग मी. डॉक्टरांकडे त्यांनाही नेलं, त्यांनाही गोळ्या मिळाल्या, पण पावण्याला सरबत पाजणाऱ्या सासूबाईंनी स्वतःचा चहा सोडायला साफ नकार दिला. देवळातल्या प्रदक्षिणा कमी झाल्या तशी पुजाऱ्यानं चौकशी केली, आजींची तब्येत बरी नाही का. "लई बरी हाय म्हणून येत न्हाय म्हणावं," असा निरोप त्यांनी पाठवला. तो मी पोचवला नाही.

माझे पाय हळूहळू शांत झाले. एकदम नाही. हे खाली झोपायला आले, वही घेऊन. पंचवीसचे कधी चाळीस झाले, पानावरच्या ओळी विरळ झाल्या. एक दिवस सकाळी ह्यांनी वही दाखवली तर दीड पान कोरं. "मला झोप लागली असंल," हे म्हणाले. लागली नव्हती. आजही थकले, जागरण झालं, की पाय थोडे हलतात. पूर्वीसारखं नाही.

आणि मग ती संध्याकाळ आली, जिची मला मनातून भीती होती. दिवे लागले, सासूबाई मशीनवरून उठल्या, आणि मी पहिल्यांदाच उंबऱ्यावर बायकांत निवांत बसले. पाच मिनिटं झाली. दहा झाली. पायांत काही नाही. नुसते पाय. शेजारीण म्हणाली, "आज शिवत न्हाईस व्हय?" आणि मला खरंच उठावंसं वाटेना. वारा छान होता. गप्पा रंगल्या होत्या. पंचेचाळीस वर्षांची कामसू बाई आतून काय होती ते आता सगळ्यांपुढे उघडं पडणार होतं. आळशी, बाकी काय!

कशी कुणास ठाऊक, आतून एक सणक आली. पायातली नव्हे. मी उठले, आत गेले आणि मशीनवर बसले. पाय काही म्हणत नव्हते. कुणी ढकलत नव्हतं. समोर सासूबाईंच्या ब्लाऊजचं कापड पडलं होतं, महिनाभर राहिलेलं, साधं सुती, बारीक ठिपक्यांचं. त्या संध्याकाळी मी ते एका बैठकीत शिवलं. डोळे टक्क उघडे ठेवून, दोन्ही बाह्यांची तोंडं दोनदा तपासून. त्यापूर्वी मी किती ब्लाऊज शिवली असतील कोण जाणे, पण त्यात पायांचा वाटा किती आणि माझा किती, देव जाणे. हे मात्र अख्खं माझं होतं.

क्लास पुढे पंधरा वर्षं चालला. दोन हजार साल उलटलं, मुली रेडिमेड घालायला लागल्या, तरी शिकायला यायच्या. पहिल्या दिवशी मी सगळ्यांना विचारायची, संध्याकाळी पाय स्वस्थ राहतात का गं? जेवणावर चहा पिता का? त्या एकमेकींकडे बघून हसायच्या. पण दरवर्षी एखादी न हसणारी निघायची. तिला मी क्लास सुटल्यावर थांबवून घ्यायची.

ते ठिपक्यांचं ब्लाऊज मी शिवलं त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी सासूबाईंनी घालून बघितलं होतं. हात वर केले, खाली केले, आरशापुढे मागे-पुढे झाल्या.

"काखंत दाटतंय," म्हणाल्या.

"द्या, सैल करून देते," मी म्हणाले, आणि इतकी खूश होऊन म्हणाले की त्यांनी माझं कपाळ हात लावून बघितलं, ताप-बिप नाही ना म्हणून.